बाकड्यावरचा हात

४ जानेवारी

समितीच्या अध्यक्षांचा फोन आला तेव्हा मी ओठांत बारीक खिळे धरून एका जुन्या सोफ्याला कापड चढवत होते. ओठांत खिळे असले की बोलता येत नाही, हे एका अर्थी बरंच झालं. "ताई, आनंदाची बातमी," म्हणाले. "मिस्त्रींचा पुतळा होतोय. हॉस्पिटलच्या नव्या इमारतीपुढे. बाकड्यावर बसलेले मिस्त्री आणि शेजारी तुमचे दादा. अकरा फेब्रुवारीला अनावरण. दोरी तुम्हीच ओढायची आणि दोन शब्द बोलायचे."

या गृहस्थांना आमच्या घरात 'मधाचं बोट' म्हणतात. नाव आईनं ठेवलेलं. तेव्हा ते कॉलेजात होते, बाबांच्या मागे मागे फिरायचे. बाकड्यांवर बसायची वेळ आली त्या दिवशी मात्र त्यांना नेमका ताप भरला. आता बाबांच्या नावाच्या प्रत्येक समितीवर तेच.

मिस्त्री म्हणजे माझे बाबा. सुतार. सरकारी हॉस्पिटलातली सगळी बाकडी त्यांच्या हातची, पण त्यांवर बसायची आम्हाला सोय नव्हती. आम्ही खालच्या वस्तीतले. आम्ही जमिनीवर बसायचं, भिंतीला टेकायचंही नाही. मग एक दिवस बाबा वस्तीतली माणसं घेऊन गेले आणि स्वतः रंधा मारलेल्या बाकड्यांवर बसले. मार खाल्ला, हात उचलला नाही. त्यात माझा दादा गेला. महिन्याभरात बाकडी सगळ्यांना खुली झाली. शाळेच्या पुस्तकात यावर धडा आहे, खाली पाच प्रश्न आहेत.

ही वही लेकीनं आणून दिली. "आई, तुझा राग हिच्यावर काढ, माझ्यावर नको," म्हणाली. बघू वही किती दिवस टिकते.

९ जानेवारी

शिल्पकाराकडे जाऊन आले. मातीचा नमुना तयार आहे. ओल्या फडक्याखालून आधी बाबा निघाले. बरे जमलेत. नाक थोडं लहान केलंय, पण चालायचंच, मेल्यावर सगळेच देखणे होतात. मग फडकं आणखी सरकवलं आणि माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

दादा हसतोय. एक हात बाकड्याच्या फळीवर, तळवा किंचित उचललेला, मान तिरकी, आणि तोंडभर हसू.

"हा असा हसत का आहे?" मी विचारलं.

शिल्पकार बिचारा गोंधळला. "ठेका धरलाय ना त्यांनी. धड्यात आहे. मार पडत असताना गाण्यावर ठेका धरत होते."

मधाचं बोट शेजारीच होतं. "ताई, हेच तर लोकांना भिडतं! वेदनेतलं संगीत!"

मला त्या माणसाच्या तोंडात ती माती कोंबावीशी वाटली. केलं काय? "कान जरा मोठे होते त्याचे," एवढं म्हणाले आणि निघून आले. म्हणे आतल्या आत काय जळतंय ते तोंडावर दिसू न देणं हा मिस्त्रींच्या घराण्याचा गुण. गुण कसला, रोग आहे.

१० जानेवारी

काल लिहिलं नाही ते आज लिहिते, नाहीतर डोकं फुटेल.

दादा ठेका धरत नव्हता.

बाकड्यांवर बसायच्या आधी आमच्या पुढच्या खोलीत कितीतरी आठवडे सराव चालायचा. बाबांनी दोन बाकडी आणून टाकली होती. अर्ध्यांनी बसायचं, अर्ध्यांनी पोलीस व्हायचं. पोलिसांनी शिव्या द्यायच्या, केस ओढायचे, अंगावर पाणी फेकायचं, खरोखर ढकलायचं. बसलेल्यांनी हात उचलायचा नाही, उलट उत्तर द्यायचं नाही. आणि कुणाला असह्य झालं तर त्यानं तळव्यानं बाकड्यावर थापटायचं. थाप ऐकली की सगळ्यांनी जागच्या जागी थांबायचं. कितीही रंगात आलेला पोलीस असो, थांबायचा. मग त्यानं समोरच्याला हाताला धरून उठवायचं.

आई सगळ्यात जबरी पोलीस. तिच्या शिव्या ऐकून शेजारचे लोक दारं लावून घ्यायचे. दादानं सरावात एकदाही थापटलं नाही. त्याचा तो मोठा दिमाख होता.

खऱ्या दिवशी माझ्याकडे सगळ्यांच्या चपला सांभाळायचं काम होतं. मी खांबाला टेकून चपलांच्या ढिगाजवळ उभी होते. लोक गात होते. पोलीस आले. दादाच्या पाठीत, मग डोक्यात. आणि माझा दादा बाकड्यावर थापटायला लागला. पुन्हा पुन्हा. त्याला खरंच वाटलं असणार की आता थांबतील. इतक्या आठवड्यांची सवय. समोरचा तो पोलीस आमच्या घरातला नव्हता, त्याला कुठून कळणार थाप म्हणजे काय!

पण बाबांना कळत होतं. ते शेजारच्याच बाकड्यावर होते. ठरलं होतं की फक्त त्यांनी "उठा" म्हटलं तरच सगळ्यांनी उठायचं. त्यांनी दादाच्या हाताकडे बघितलं. मी बघितलं त्यांना बघताना. चेहऱ्यावरची रेषही हलली नाही. आणि ते उठा म्हणाले नाहीत. म्हणजे, म्हणाले. नंतर.

दादा तिसऱ्या दिवशी गेला. कुठल्याशा वार्ताहरानं लिहिलं की पोरगा शेवटपर्यंत ठेका धरून होता. बाबांनी ते कधी खोडलं नाही. आता दरवर्षी अकरा फेब्रुवारीला शाळाशाळांतून मुलं बाकं बडवतात. 'ठेका-वंदना'.

मी बाबांना किती वेळा विचारलं. लहानपणी रडून, तरुणपणी भांडून, म्हातारपणी टोमणे मारून. का उशीर केलात? ते नुसते उठून बाहेर जायचे. एवढा मोठा वक्ता, घरात दगड.

१३ जानेवारी

सोफा आज देऊन टाकला. गिऱ्हाईक म्हणालं, "मिस्त्रींच्या लेकीचा हात लागला, आमचं भाग्य." मी म्हटलं, मजुरी वेगळी लागेल.

लोकांना वाटतं माझं बालपण संताच्या सावलीत गेलं. संत! दादा गेल्यावर बाबांनी सुतारकीचा कारखाना बंद केला. चालता धंदा. पुढारी झाल्यावर रंधा आणि हातोडी हातात धरायला लाज वाटायला लागली असणार, दुसरं काय. मी हे खुर्च्या-सोफ्यांचं काम सुरू केलं तर म्हणाले, "ठोकठोक घरात नको." म्हणून मला बाहेर भाड्यानं गाळा घ्यावा लागला. आणि दार! आमच्या दाराचा कडी-कोयंडा त्यांनी स्वतः उपटून काढला. दिवसरात्र दार उघडं. कुणीही यावं, आत बसावं. आणि एखाद्यानं सभ्यपणे ठोठावलं तर त्याच्यावर खेकसायचे, "दार उघडं आहे! ठोठावता कशाला?" पोलिसांपुढे तोंड न उघडलेला माणूस दूधवाल्यावर ओरडायचा. मला तर हसावं की रडावं कळायचं नाही.

शेवटच्या आजारपणात वेगळीच कटकट. बोलणं बंद झालं होतं, पण हात पलंगाच्या पाटीवर आपटत बसायचे. मी पाणी द्यायची, नको. गोळी द्यायची, नको. लघवीचं भांडं, नको. पुन्हा आपटणं सुरू. एकदा मी इतकी वैतागले की त्यांचा हात माझ्या दोन्ही हातांत घट्ट दाबून धरला. म्हटलं, पुरे आता, झोपा. मग झोपले.

ते गेल्यावर मी पहिलं काम काय केलं असेल तर दाराला चांगली पितळी कडी बसवली आणि हातोडी घरात आणली.

१६ जानेवारी

लेकीशी कडाक्याचं भांडण.

ती त्याच हॉस्पिटलात आहे, रक्त काढते. नव्या इमारतीत कार्ड असेल त्यालाच प्रतीक्षालयात बसता येतं. कार्डाला घराचा कायमचा पत्ता लागतो. खालच्या वस्तीतल्या घरांना नंबर कुठे आहेत? म्हणजे सगळी वस्ती बाहेर, पत्र्याच्या शेडमध्ये, उभी. कारण शेडमध्ये बसायला काहीच ठेवलेलं नाही. लेक बाहेर जाऊन उभ्या माणसांचं रक्त काढते. परवा एक गादीवाली, कापूस पिंजून गाद्या भरते ती, सुई टोचल्यावर सरळ तिच्या अंगावर कोसळली. गुडघे संपलेत बाईचे.

"आम्ही बसणार आहोत," लेक म्हणाली. "अकरा फेब्रुवारीला. आत, कार्डवाल्यांच्या बाकड्यांवर. आई, तो सराव आम्हाला शिकव. आता तो माहीत असलेली तू एकटीच आहेस."

"नाही."

"आजोबा असते तर—"

"आजोबा असते तर तुलाही बसवलं असतं आणि तुझाही पुतळा केला असता! हसरा!"

"तुला नक्की कुणाचा राग आलाय?" तिनं विचारलं. हे विचारायची तिची पद्धत अगदी डॉक्टरसारखी आहे, दुखतं कुठे म्हणून दाबून बघायची. मी ताट सरकवून उठले.

१८ जानेवारी

घरात अबोला. ती तिचा चहा करते, मी माझा. दोन पातेली, दोन गाळण्या. असा मूर्खपणा दोघींनाच जमतो.

२३ जानेवारी

हॉस्पिटलच्या अधीक्षकबाईंच्या केबिनमधल्या खुर्च्यांचं काम माझ्याकडे होतं. आज पोचवायला गेले.

दर्शनी भागात काचेच्या पेटीत बाबांचं एक बाकडं ठेवलंय. वरून दिवा सोडलाय. खाली पाटी, 'याच बाकड्यानं इतिहास घडवला'. शेजारी दुसरी पाटी, 'हात लावू नये'. प्रतीक्षालय पुढे आहे. थंडगार, पाठीला मऊ गाद्या, अर्धी बाकडी रिकामी. आणि काचेच्या भिंतीपलीकडे शेड. माणसं एका पायावरून दुसऱ्या पायावर भार देत उभी. लेकीनं सांगितलेली गादीवाली मला केसांतल्या कापसावरून लगेच ओळखू आली. तिनं खांबाला मिठी मारली होती आणि डोळे मिटले होते. वासरू बांधावं तशी.

मी सुरक्षारक्षकाला म्हटलं, त्या बाईला आत बसू द्या, अर्धी जागा मोकळी आहे. तो पोरगा वाईट नव्हता. "मावशी, माझ्या हातात काय आहे? कार्ड नाही तर आत नाही," म्हणाला. मी म्हटलं, हे हॉस्पिटल कुणाच्या नावाचं आहे ठाऊक आहे का? म्हणाला, "हो, मिस्त्रींच्या. धडा होता आम्हाला."

खुर्च्या केबिनमध्ये ठेवल्या. अधीक्षकबाईंनी बसून बघितलं, "फार आरामशीर झाल्यात," म्हणाल्या. बाबांचा राग होता तो होताच, पण आज कळलं की तो राग मी चुकीच्या दुकानात खर्च करत बसले होते.

घरी येऊन लेकीला म्हटलं, उद्यापासून सराव. माझी अट एकच. 'उठा' मी म्हणणार. आणि पहिल्या थापेला म्हणणार.

ती गळ्यात पडली. मी म्हटलं, लाडात येऊ नकोस, पुढच्या खोलीतला सोफा उचलायला मदत कर.

२८ जानेवारी

सराव जोरात. लेक, तिच्याबरोबरच्या दोन नर्सा, वस्तीतली चार-पाच माणसं, आणि गादीवाली. मी पोलीस. इतक्या वर्षांनी तोंड उघडलं आणि आईच्या सगळ्या शिव्या जशाच्या तशा बाहेर आल्या, तिच्या त्या खर्जातल्या आवाजासकट. एक नर्स खरंच रडली. मला इतकं बरं वाटलं की माझीच मला भीती वाटली.

गादीवालीनं पहिल्याच दिवशी, मी नुसते डोळे वटारल्यावर, बाकड्यावर थापटलं. सगळे हसले. ती म्हणाली, "हसताय काय, मला चहा हवाय." मी तिला हाताला धरून उठवलं. तिचा तळवा माझ्यापेक्षा खरखरीत आहे.

लेक थापटत नाही. काल मी तिचे केस पुरते पिळले, डोळ्यांत पाणी आलं, तरी नाही. मला ते आवडलेलं नाही. तिला स्पष्ट सांगितलं, इथे शूर व्हायचं नाही. दुखलं की थापटायचं, त्यासाठीच ते आहे. "हो आई," म्हणाली. 'हो आई' म्हणजे काय ते मला चांगलं कळतं.

७ फेब्रुवारी

मधाचं बोट घरी आलं. पेढे घेऊन येतात तसं तोंड करून.

कानावर आलंय म्हणे, काही मंडळी अनावरणाच्या दिवशी गोंधळ घालणार आहेत. "ताई, तुम्ही स्टेजवरून आवाहन करा. मिस्त्रींचा मार्ग शांततेचा होता."

"मिस्त्री शांत बसले नव्हते," मी म्हटलं. "ते बसायला मनाई होती तिथे बसले होते. तेव्हा त्यालाही गोंधळच म्हणत होते. तुम्हाला आठवत नसेल, तुम्हाला ताप होता."

त्यांचा चेहरा पडला, पण क्षणभरच. "तेव्हाची गोष्ट वेगळी. तो अन्याय होता. ही नुसती व्यवस्था आहे."

"तेव्हाही व्यवस्थाच म्हणायचे."

"ताई, तुमची मुलगी हॉस्पिटलच्या नोकरीत आहे," ते अगदी मायेनं म्हणाले. "मी तिच्या भल्यासाठी सांगतोय. आणि तुमच्या भावाच्या स्मृतीला—"

तिथे माझा बांध फुटला. "माझा भाऊ ठेका धरत नव्हता!" मी किंचाळले. "तो थांबा म्हणत होता! तुम्ही सगळे वर्षानुवर्षं मरणाऱ्या पोराच्या 'थांबा'वर पोरांकडून टाळ्या पिटून घेताय!" सगळं सांगितलं. सराव, थाप, सगळं.

त्यांनी मान खाली घातली. मला वाटलं, पोचलं कुठेतरी. मग उठता उठता म्हणाले, "हे बाहेर बोलू नका, ताई. मिस्त्रींना शोभणार नाही. त्यांनी बघितलं आणि उठवलं नाही, असा अर्थ निघेल."

निघू दे, असं म्हणायला मी तोंड उघडलं. आणि म्हटलं ते, "या आता." मी कडी लावून घेतली आणि दाराला पाठ लावून उभी राहिले. आयुष्यभर हाच अर्थ मी एकटी काढत आले, आणि दुसऱ्या कुणी काढला तर मला चालेना. का ते कळत नाही.

१० फेब्रुवारी

लेकीच्या केसांची घट्ट वेणी घातली. ओढायला हाती लागू नयेत म्हणून वर गुंडाळून बांधली. "आई, तू पहिल्या थापेला उठवणार ना?" तिनं विचारलं. म्हटलं, पहिल्या. दुसरी ऐकायची माझी ताकद नाही.

११ फेब्रुवारी

लिहिते. सगळं लिहिते.

बाहेर मांडव, स्टेज, कापडाखाली झाकलेला पुतळा. दोरी ओढायला मी गेलेच नाही. आम्ही बाजूच्या दारानं आत गेलो. सगळे बसले. गादीवाली बसली आणि तिनं मऊ गादीवर हात फिरवला, "कापूस नाही, फोम आहे," म्हणाली. मी खांबाजवळ उभी. बसले नाही, कारण सगळ्यांचे हात दिसायला हवेत.

आधी रक्षक नुसते विनवत होते. मग आणखी आले, हे नवे होते, ओळखीचा पोरगा त्यांत नव्हता. ओढाओढ सुरू झाली. नर्स पडली, उठून परत बसली. वस्तीतल्या एकाचा सदरा फाटला. कुणी हात उचलला नाही. अधीक्षकबाई केबिनच्या दारात, फोन कानाला. बाहेर भाषण संपलं आणि शेकडो मुलांनी खुर्च्या बडवायला सुरुवात केली, लाउडस्पीकरवरून सगळी इमारत दणाणली.

अनावरणाला आलेले वार्ताहर काचेच्या भिंतीशी जमले. कॅमेरे आत वळले. अधीक्षकबाईंनी ते बघितलं. फोन खाली घेतला. पुढचे दोन रक्षक मागे सरले. मला स्पष्ट दिसत होतं, बाई आता हात वर करणार, राहू द्या म्हणणार. बस, आता होतंय. झालंच.

तेवढ्यात मागच्या रक्षकानं, त्याला पुढचं काही दिसत नव्हतं, लेकीचा उजवा हात पाठीमागे पिरगळला. आणि तिचा डावा तळवा बाकड्यावर आपटला.

बाहेर सगळं जग थापटत होतं. मी म्हणू शकते की त्यात मला ऐकू आलं नाही. पण आलं. हजार थापांतून ती एक मला ऐकू आली. दिसलीसुद्धा. पुन्हा थापटलं. माझी जीभ टाळ्याला चिकटली होती असंही नाही. माझ्या मनात शब्द आले ते मी इथे लिहून ठेवते. 'अजून थोडं.'

तिसऱ्या थापेनंतर हाडाचा आवाज आला. मग मी म्हणाले, उठा.

१२ फेब्रुवारी

काही नाही.

१५ फेब्रुवारी

हॉस्पिटलनं आदेश काढला. प्रतीक्षालय सगळ्यांना खुलं, कार्ड असो वा नसो. लेकीचा तो लोंबता हात आणि मागे काचेपलीकडे ठेका धरणारी हसरी मुलं, असा फोटो सगळीकडे गेलाय. लोक पेढे आणून देताहेत. वस्तीतून फटाके ऐकू येताहेत. हात मोडला आणि दार उघडलं. म्हणजे तोच धडा, तेच पाच प्रश्न.

लेकीच्या हातात स्टीलच्या पट्ट्या घातल्यात. पुन्हा सुई धरता येईल की नाही, डॉक्टर सांगत नाहीत.

मधाच्या बोटाचा फोन आला. "ताई, काय तो संयम! मी काचेतून बघत होतो. खांबाजवळ उभ्या होतात, चेहऱ्यावरची रेषही हलली नाही. हुबेहूब मिस्त्री!"

फोन आपटावा एवढाही राग आला नाही. मी तो हळूच ठेवला.

संध्याकाळी लेकीचे केस विंचरत होते, तिला एका हातानं जमत नाही. ती पाठमोरी बसली होती. म्हणाली, "आई, माझा हात दिसला होता तुला?"

"दिसला."

"पहिल्यांदाच?"

"पहिल्यांदाच."

कंगव्यात गुंता आला होता. मी तो सोडवत राहिले. ती वाट बघत होती, तिच्या मानेवरून कळत होतं.

"मग उशीर का केलास?"

मी कंगवा ठेवला आणि उठून बाहेर गेले.

१९ फेब्रुवारी

अंगणात एक खुर्ची अर्धी पडून आहे. परवा काम करायला बसले होते. पहिला खिळा ठोकला, दुसरा ठोकला, आणि हातोडी खाली ठेवली. गिऱ्हाइकाला निरोप दिला, दुसरीकडून करून घ्या. हातोडी जुन्या कपड्यांत गुंडाळून माळ्यावर टाकली.

मग पेचकस घेतला आणि दाराची पितळी कडी काढली. तिचे स्क्रू बाबांनी उपटलेल्या कडीच्या जुन्याच भोकांत बसले होते, हे मला तेव्हा दिसलं. दार नुसतं लोटून ठेवलं.

सकाळी लेकीला बघायला गादीवाली आली. बगलेत नवी उशी, लेकीच्या हाताखाली ठेवायला स्वतः भरलेली. उंबऱ्याशी उभी राहून तिनं सभ्यपणे दारावर दोन थापा मारल्या. मी आतून अशी काही ओरडले की लेक पलंगावर उठून बसली.

"दार उघडं आहे! ठोठावता कशाला?"